कोणासाठी थांबलो

"तू स्वतःहून जातेस, की आम्ही घालवू?"

विचारलं सेनापतीने, पण हा प्रश्न तिच्या तोंडात घातला होता तिच्या दोन जिवलग मैत्रिणींनी, मिरचीने आणि जिराफने.

"नाही विचारणार तू," मिरची जिन्यावरच म्हणाली होती. "ऐन वेळी ततपप होतं तुझं."

"आणि कोपऱ्यात गाठून नाही हं," जिराफने वरून पुस्ती जोडली. जिराफ सगळं वरूनच बोलायची, एवढी उंच. "कूलरपाशी. बाटल्यांची रांग भरलेली असताना. आहे हिंमत?"

हिंमत! वर्षभरापूर्वी हजेरीला 'हजर' म्हणतानाही जिचा आवाज फुटत नव्हता, त्या पोरीला आता दोघीजणी विचारत होत्या, हिंमत आहे का! या एका वर्षात काय घडलं असेल तर 'बुरुज' घडला होता. बुरुज म्हणजे फोनवरचा लढाईचा खेळ. चौघींनी मिळून एक किल्ला राखायचा, प्रत्येकीकडे एक कोपरा, प्रत्येकीचे चार-चार हजार सैनिक. कुठली तुकडी कुठे न्यायची हे जिला सुचतं ती सेनापती. आपल्या पोरीला ते असं काही सुचायचं की समोरच्यांची पळता भुई थोडी व्हायची. वर्गात नाव पडलं सेनापती, आणि नावाबरोबर आवाजही आला. आता ती बाकावरून ओरडून हुकूम सोडायची आणि लोक चक्क ऐकायचे! शनिवारी शाळेच्या हॉलमध्ये, भल्यामोठ्या पडद्यावर, शेजारच्या तुकडीशी अंतिम सामना होता. त्या सामन्याशिवाय तिला दुसरं काही दिसत नव्हतं.

अडचण एकच. दोन्ही सैन्यं भिडली, धूर उठला, हजारो माणसं एकदम पडद्यावर आली, की खेळ थांबायचा. मधोमध वाळूचं घड्याळ. पाच सेकंद. कधी नऊ. या खेळात चारही फोन एका पावलाने चालतात. एकीचा फोन मागे पडला की बाकीच्या तिघींना तिच्यासाठी ताटकळावं लागतं. कोणाचा मागे पडला, हे मात्र पडद्यावर येत नाही.

यायची गरजच काय? चौथी होती ना. तिच्या बहिणीने टाकून दिलेला फोन, काचेवर तडा, तड्यावर चिकटपट्टी. दुसरा कोणाचा असणार? तिचं नाव पडलं गोगलगाय.

तर त्या बुधवारी शाळा सुटल्यावर चौघी कूलरपाशी उभ्या होत्या. सरावाआधी कूलरच्या गार पत्र्याला फोनची पाठ लावून धरायची, दहा मिनिटं, म्हणजे खेळताना तापत नाही, ही त्यांची पद्धत. सेनापतीनेच काढलेली. मागे बाटल्या घेऊन पंधराएक पोरं. आणि प्रश्न असा खणखणीत पडला की बाटली भरणाऱ्याने नळ बंद केला.

गोगलगायीने आधी सेनापतीकडे पाहिलं. मग सेनापतीच्या हातातल्या फोनकडे पाहिलं, बराच वेळ.   

"जाते," ती म्हणाली, आणि पत्र्यावरून फोन सोडवून खिशात टाकला.

रांगेतल्या कोणीतरी कपाळावर दोन बोटं उभी धरली, गोगलगायीच्या शिंगांसारखी. मग दुसऱ्याने. मग सगळ्या रांगेने. पंधरा जणांची शिंगं डुलत होती, आणि ती पोरगी त्यांच्यासमोरून फाटकापर्यंत चालत गेली. बिचारी घाईघाईने चालली, तर मिरची ओरडली, "अगं सावकाश, धाप लागेल!"

सेनापतीला इतकं भारी वाटलं, इतकं भारी, की घरी जाईपर्यंत पाय जमिनीला लागले नाहीत असं झालं असतं. पण मध्ये सराव होता.

सरावाला तिच्या जागी नवी आली. वर्गात नुकतीच आलेली, फोन गेल्याच महिन्यात घेतलेला, बोलणं तोलून-मापून. सैन्यं भिडली. धूर उठला. आणि आलं वाळूचं घड्याळ.

अकरा सेकंद.

"माझ्याकडे बघू नका," नवी शांतपणे म्हणाली. "माझा कोरा आहे."

मिरचीने तिघींवरून नजर फिरवली. मिरचीची नजर वाईट. "म्हणजे आपल्यातलीच कोणीतरी."

"शुक्रवारी दोघी-दोघी खेळून बघू," जिराफ म्हणाली. "जिच्या वेळी थांबेल ती बाहेर. सेनापती, नियम तुझाच आहे ना?"

"माझाच," सेनापती हसत म्हणाली. "मी बघते सगळं."

घरी येऊन ती बघायलाच बसली. खेळाच्या सेटिंगमध्ये, एकात एक दडलेल्या रकान्यांच्या तळाशी, एक पान होतं. ते फक्त सेनापतीच्या फोनवर उघडतं, आणि वर्षभरात तिने ते एकदाही उघडलं नव्हतं. पानाचं नाव, 'कोणासाठी थांबलो'.

जिराफ, एकवीस वेळा. मिरची, चौदा.

गोगलगाय, नऊ.

सेनापती, चारशे बारा.

तिने पान बंद केलं आणि पुन्हा उघडलं. चारशे बारा. चहा तसाच राहिला. बाबांनी किती हौसेने आणलेला फोन! चकचकीत, सोनेरी जाड कव्हर. म्हणून तर ती सगळं काही टोकाला ठेवून खेळायची. सैनिकांच्या सावल्या, झेंड्यांची फडफड, धूर, सगळं पूर्ण. ज्यांचे फोन फडतूस त्यांनी कमी करावं! वर फोन वेगवान करणारं एक ॲपही टाकलं होतं तिने, त्यावर रॉकेटचं चित्र होतं. रोज ते रॉकेट दाबायची ती, श्रद्धेने.

आता काय करायचं, हे कोणाला विचारणार? असं काही कळणारी पोरगी वर्गात एकच होती. आणि सेनापतीची कमाल बघा, गुरुवारी दुपारी ती सरळ तिच्याच दारात जाऊन उभी राहिली.

गोगलगायीचं घर कपडे धुण्याच्या दुकानावर. खाली यंत्रांची घरघर, जिना वाफेने सदा गरम, कठडा धरवत नाही. वरच्या खोलीत जमिनीतूनही ऊब येते.

"कोण आहे गं?" आतून तिच्या आईने विचारलं. "मैत्रीण आलीय का? बसव तिला."

"नाही," गोगलगाय म्हणाली. "फोन दाखवायला आलीय."

सेनापतीने फोन पुढे केला. गोगलगायीने विचारलंही नाही काय झालं ते.

"आकडा चारशेच्या वर गेला का?"

"तुला... तुला माहीत होतं?"

"तुला ताप आला होता तेव्हा आठवडाभर मी सेनापती होते. तेव्हा पाहिलं. तीनशे चाळीस होते तेव्हा."

"मग काल बोलली का नाहीस?"

"तू बोलू दिलं असतंस?" तिने सोनेरी कव्हर ओढून काढलं आणि चादरीवर फेकलं. "तू एवढी खुशीत होतीस. वाटलं, बोलले तर आपली मैत्री जाईल." मग स्वतःशीच हसली. "मूर्खच आहे मी. बघ इकडे. हे लिहून घे, पुन्हा सांगणार नाही."

आणि ती कामाला लागली. या खोलीत फोन कूलरला लावून भागत नव्हतं. बाहेर काढला की पाच मिनिटांत तापायचा, म्हणून तिने एक-एक गोष्ट स्वतः शोधून काढली होती. चार्जर लावून खेळायचं नाही, एक लढाईने तापतो आणि एक चार्जिंगने. सावल्या बंद. धूर बंद. झेंडे बंद. "झेंडे फडफडल्याने लढाई जिंकतेस का तू?" रॉकेटवाल्या ॲपवर तिने बोट ठेवलं, दाबून धरलं, उडवलं. "हे दर मिनिटाला सगळ्यांना हाकलतं, ते सगळे परत येतात, हे पुन्हा हाकलतं. फोन यातच दमतो." मग शेवटची गोष्ट. "सेकंदाला साठ चित्रं मागतेस तू. फोन देतो बिचारा, चार मिनिटं. मग तापतो, घाबरतो आणि पंधरावर येतो. तीसच माग. तीस शेवटपर्यंत देईल."

"तीसवर बरं दिसतं का पण?"

"नाही. बरं नाही दिसत. चालतं."

खेळून पाहिलं. सैन्यं भिडली, आठ हजार, दहा हजार, सोळा हजार. फोन नुसता पळत होता. सेनापती टाळ्या वाजवत चादरीवर उड्या मारायचीच बाकी होती. गोगलगायीने फोन तिच्या हातात दिला, कव्हर वेगळं दिलं.

"एक सांगशील त्यांना? एवढंच, की माझा नव्हता."

सेनापतीने जरा विचार केला. जराच. "शनिवार झाला की सांगते हं. नक्की."

"शनिवार झाल्यावर मला काय त्याचं?" ती म्हणाली, आणि दार लावून घेतलं. वाफाळल्या जिन्यावर सेनापती एकटी. उतरताना मात्र ती दोन-दोन पायऱ्या गाळत उतरली, खरं ते सांगायलाच हवं.

शुक्रवारी दोघी-दोघी खेळल्या. मग चौघी खेळल्या. एकदाही वाळूचं घड्याळ नाही! मिरचीने सेनापतीला मिठी मारली. "बुधवारी नवीचा फोन जरा बिचकला असेल, नवाच आहे. पण बघ, गोगलगाय गेल्यावर कसं चाललंय!" जिराफने वर्गाच्या ग्रुपवर चौघींचा जुना फोटो टाकला, चौथीच्या तोंडावर शंख चिकटवून. अर्ध्या मिनिटात वीस जण हसले. सेनापतीनेही हसरं तोंड पाठवलं. न पाठवून कसं चालेल, सगळे बघत असतात.

मग त्या कूलरपाशी गेल्या, आणि नेमकी तीच आली. बाटली भरायला, बाकी काही नाही.

"सरका, सरका," मिरची दोन्ही हात पसरून रांगेला म्हणाली. "हिला वाट द्या, नाहीतर नळापर्यंत पोचायला सोमवार उजाडेल!"

रांग फुटली हसून. गोगलगायीने सेनापतीकडे पाहिलं. फार काही नव्हतं त्या पाहण्यात, राग नाही, विनवणी नाही. एक वाक्य पुरलं असतं तेव्हा. सेनापतीकडे आवाज होता, वर्षभर कमावलेला, सगळी रांग गप्प करणारा आवाज.

तो तिने वापरला. ती हसली, सगळ्यांत मोठ्याने.

गोगलगायीने रिकाम्या बाटलीचं झाकण लावलं, नीट फिरवून लावलं, आणि गेली.

संध्याकाळी घरी जेवणाची ताटं मांडली तेव्हा आई-बाबा अगदी रंगात होते. बाबा लिफ्ट दुरुस्त करणारे. शनिवारी सुट्टी मिळणं कठीण, पण त्यांनी साहेबांच्या मागे लागून रजा मिळवली होती. आई दातांच्या दवाखान्यात मदतनीस. तिने आठवडाभर प्रत्येक पेशंटला लेकीचं कौतुक ऐकवलं होतं, आणि तोंडात यंत्र घातलेला माणूस नाही तरी काय म्हणणार?

"एकदाही नाही थांबला ना?" बाबांनी तिसऱ्यांदा विचारलं. "मी म्हटलं नव्हतं, फोन जबरदस्त आणलाय?"

"आणि ती हळूबाई गेली ते एक बरं झालं," आई वाढता वाढता म्हणाली. "प्रत्येकीला कुठवर कडेवर घेऊन फिरायचं माणसाने."

"ती हळू नव्हती," सेनापती म्हणाली. "मी होते. चारशे बारा वेळा."

तिने सगळं सांगितलं, यादीपासून जिन्यापर्यंत. कूलरपाशी आपण हसलो तेही.

"हा फोन?" बाबांना फोनचाच अपमान झाल्यासारखं वाटलं. "शक्यच नाही."

आईने मात्र हातातला चमचा खाली ठेवला. "अजून कोणाला माहितीये?"

"तिला."

"ती बोलली का कोणाशी?"

"नाही."

"मग झालं तर. ती नाही बोलली, तू कशाला उकरतेस? उद्याचा दिवस जाऊ दे. सोमवारी सांग हवं तर. आता जेव, गार होतंय."

किती सहज म्हणाली आई! डोळ्यात राग नाही, माया होती नुसती. सेनापतीने आईकडे पाहिलं, आणि तिला आईच्या जागी स्वतःच दिसली, सोनेरी कव्हर हातात घेऊन 'शनिवार झाला की सांगते हं' म्हणणारी. 

तिने ताट सरकवलं आणि उभी राहिली. बसून बोलण्यासारखं नव्हतं ते.

"आई, बाबा, मी उद्या खेळणार नाहीये. हॉल भरला की आधी हे सगळ्यांना सांगणार, मिरची आणि जिराफच्या तोंडावर. मग सामना घेणाऱ्या मॅडमना सांगणार, माझी जागा तिला द्या म्हणून."

"आणि ती नाही म्हणाली तर?" आईने विचारलं.

"नाहीच म्हणणार बहुतेक. मीपण नाही म्हटलं असतं."

"मग त्या तिघी हरणार! आणि तुला फाडून खातील त्या, कळतंय का तुला?"

"कळतंय."

"अगं पण मी रजा काढलीय," बाबा अगदी केविलवाणे म्हणाले.

"मग या ना, बाबा. पुढच्या रांगेत बसा. पण मी खेळणार नाही. ठरलंय माझं."