माझा दिवा हिरवा की लाल?

मित्रांनो, भीमपूरच्या एका घरात, खिडकीजवळच्या टेबलावर माझा मुक्काम असतो. मी व्हिडिओ गेमचा एक जुना कंट्रोलर आहे. पण या घरात मला त्या नावाने कोणी ओळखत नाही. घरातल्या लक्ष्मीबाई मला 'गेमचा रिमोट' म्हणतात आणि टेबल पुसताना मलाही फडके मारतात. माझी डावी मूठ घासून गुळगुळीत झाली आहे. एक बटण दाबले की जरा अडकते. माझ्या पुढच्या बाजूला दिव्याची एक बारीक पट्टी आहे, ती मात्र अजून पहिल्यासारखी पेटते. या पट्टीपायी काय काय घडले, ते मला तुम्हांला सांगायचे आहे.

माझा जन्म फार दूरच्या कारखान्यात झाला. तिथे एका बाईंनी माझी पट्टी लाल, हिरवी, निळी, पिवळी अशी पेटवून पाहिली, मान हलवली आणि मला खोक्यात ठेवले. हा दिवा म्हणजे अंगावरचा दागिना आहे, शोभेपलीकडे त्याचा उपयोग नाही, असे मला त्या दिवसापासून वाटत होते.

मंचेरियलच्या हर्षदीपने मला विकत घेतले. माझ्याबरोबर माझा एक जोडीदारही होता, अगदी माझ्यासारखाच. हर्षदीपच्या खोलीमागून कोळशाच्या मालगाड्या जात. बारीक काळी धूळ माझ्या बटणांच्या फटीत बसे. दर रविवारी तो दात घासायच्या जुन्या ब्रशने ती काढायचा. मित्र जमले की तो लॅपटॉपच्या पडद्यावरच्या लाल, हिरव्या, निळ्या अशा तीन खुणा इकडेतिकडे सरकवून माझ्या दिव्याचा रंग बदलून दाखवायचा, आणि सगळे वाहवा करायचे. ते माझे कौतुकाचे दिवस होते. पुढे त्याला हैदराबादला नोकरी लागली. जाताना त्याने तो लॅपटॉप आणि आम्ही दोघे असे सगळे आपल्या मावसभावाला, भीमपूरच्या धम्मदीपला देऊन टाकले.

धम्मदीपला लॅपटॉप हवा होता तो परीक्षेच्या सरावासाठी. आम्ही आपले सोबत आलो. धम्मदीप तेव्हा बावीस वर्षांचा होता. त्याचे वडील मोतीराम तहसील कचेरीत कारकून, आई लक्ष्मीबाई आणि धाकटी बहीण प्रीती, एवढे ते घर. धम्मदीपला रेल्वेचे इंजिन चालवायचे होते. तीन वर्षे त्याने त्यासाठी घातली. पहिल्या खेपेला थोडक्यात हुकले, तेव्हा दुसऱ्या दिवशी सकाळी तो पुन्हा पहिल्या पानापासून सुरू झाला. दुसऱ्या खेपेला दोन्ही पेपर निघाले. आता सिकंदराबादला शरीराची तपासणी तेवढी उरली होती. मोतीरामांनी बुद्धविहारात ही बातमी सांगितली. लोक घरी येऊन धम्मदीपचा हात हातात घेऊन गेले.

अभ्यास संपल्यामुळे त्या दिवसांत भाऊ-बहीण दुपारी मोटारींच्या शर्यतीचा गेम खेळत. धम्मदीपकडे मी असायचो, माझा दिवा लाल. प्रीतीकडे माझा जोडीदार, त्याचा हिरवा. खेळ थांबला की ते आम्हांला पलंगावर टाकून जेवायला जात. परत आले की धम्मदीप कधी मला उचले, कधी जोडीदाराला. आपण चुकीचा घेतला असे त्याला कधी वाटलेच नाही. प्रीतीला मात्र वाटे, हा चिडवतो. चौथ्यांदा तसे झाले तेव्हा ती रागावली. माझा हिरवा तुझ्या हातात कसा, असे तिने विचारले. धम्मदीपने जोडीदाराकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले आणि खरोखर गोंधळून म्हणाला, दोन्ही सारखेच तर आहेत.

प्रीती हसली नाही. तिला काय वाटले कोण जाणे. तिने लॅपटॉप आपल्याकडे वळवला, मला भावासमोर ठेवले आणि खुणा हळूहळू सरकवायला सुरुवात केली. माझा लाल दिवा मावळून तपकिरी झाला. मग मंद हिरवा झाला.

"दादा, आता कोणता रंग हाय?"

"तोच. तू बदलवलाच नाई."

तिने दोनदा बदलला होता. मग तिने एकदम निळा केला. धम्मदीप लगेच म्हणाला, निळा. पिवळा केला, तर तोही त्याने ओळखला. पुन्हा लाल-हिरव्याकडे आली, की तो अडखळू लागला. प्रीतीचा हात थांबला. धम्मदीपने मला हातात घेतले. त्याचे बोट माझ्या पट्टीवरून फिरत होते, जणू रंग हाताला लागेल.

"आणखी कर," तो म्हणाला. "वीस वेळा कर. मी सांगतो ते लिहून ठेव."

वीसपैकी नऊ चुकले. शाळेत रंगकामाच्या पेन्सिलींवर रंगाचे नाव लिहिलेले असे. चौकातल्या सिग्नलचा वरचा दिवा थांबायचा, खालचा जायचा, हे त्याने जागेवरून ओळखले होते. म्हणून इतकी वर्षे कोणाच्या ध्यानात आले नव्हते, त्याच्याही नाही.

दुसऱ्या दिवशी दोघे आदिलाबादला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेले. मी सोबत नव्हतो. परत आल्यावर प्रीतीने आईवडिलांना जे सांगितले, ते मी टेबलावरून ऐकले. डॉक्टरांनी ठिपक्यांच्या चित्रांचे पुस्तक दाखवले होते. त्या ठिपक्यांत लपलेले आकडे धम्मदीपला दिसले नाहीत. हे जन्मापासूनचे आहे, चष्म्याने जात नाही, वाढतही नाही, असे डॉक्टर म्हणाले. मुलाला हे बहुधा आईच्या माहेराकडून येते, असेही त्यांनी सांगितले.

लक्ष्मीबाई भिंतीला टेकून बसल्या. मग त्यांना आपले वडील आठवले. बाजारहत्नूरला राहणारे धोंडीबा. "माह्या बापाले मिरचीच्या वावरातून हाकलून देल्लं होतं," त्या म्हणाल्या. "पिकल्या मिरच्यांत हिरव्या तोडून आणल्या म्हणून. लोक म्हणे, हा पिऊन येते. बाबांनं जिंदगीत थेंब नाई घेतला."

हर्षदीपला फोनवर कळले, तेव्हा त्याने एक उपाय सांगितला. ते ठिपक्यांचे पुस्तक सगळीकडे एकच असते, पाठ करून टाक. मोतीरामांनाही ते पटले. त्यांच्या घराण्यात शाळेची पायरी चढलेले ते पहिलेच. पाढे आणि कायदे पाठ करून ते कचेरीत लागले होते. पोराची तीन वर्षे त्यांनी डोळ्यांनी पाहिली होती. "एवढं शिकला तू," ते म्हणाले, "मंग एक पुस्तक पाठ कराले काय लागते?"

मित्रांनो, खोटे कशाला सांगू? धम्मदीपने ते पुस्तक पाठ केले. चार दिवस तो फोनवरची चित्रे पाहत बसला. कोणत्या कोपऱ्यात मोठा ठिपका, त्यावरून कोणता आकडा, हे त्याने डोक्यात पक्के केले. पाचव्या दिवशी मोतीरामांनी स्वतः परीक्षा घेतली. एकही आकडा चुकला नाही. मोतीरामांचा चेहरा उजळला.

तेव्हा धम्मदीपने मला त्यांच्या पुढ्यात ठेवले. प्रीतीला म्हणाला, आता याचे रंग बदल, मनाला येईल तसे. तिने बदलले. त्याने सांगितले. पुन्हा वीसपैकी नऊ चुकले.

"पुस्तक पाठ झालं, बाबा," धम्मदीप म्हणाला. "सिग्नल पाठ होत नाई. माह्या मांगं डब्यायत हजार माणसं बसून राहतीन."

मोतीरामांनी मला उचलून हातात धरले. मी त्या वेळी हिरवा होतो. त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिले, मग मला जपून टेबलावर ठेवले. पुस्तकाचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.

धम्मदीप सिकंदराबादला गेला. जे दिसले ते सांगितले, जे दिसले नाही तेही सांगितले, आणि नापास होऊन परत आला. मला वाटले होते, आता तो काही दिवस कोणाला तोंड दाखवणार नाही. पण पुढच्याच रविवारी तो विहारात उभा राहिला आणि ज्यांनी आपले अभिनंदन केले होते त्यांना आपल्या तोंडाने सगळे सांगितले. एक-दोघे हसले. एकाने हातातला रुमाल दाखवून याचा रंग कोणता, असे विचारलेच. धम्मदीपने उत्तर दिले, तेही चुकले, आणि तो शांतपणे खाली बसला. हे सगळे प्रीतीने घरी आईला सांगितले. सांगताना तिचा आवाज चढला होता, पण धम्मदीप टेबलाशी बसून नवीन वहीवर रेघा आखत होता. रंग ओळखण्याची अट नसलेल्या जागा कोणत्या, हे त्याने सिकंदराबादलाच विचारून घेतले होते.

माझ्या वाट्याला मात्र वाईट दिवस आले. अभ्यास सुरू झाला आणि आम्ही दोघे कपाटावर जाऊन पडलो. पाच महिने कोणी चार्जिंग लावले नाही. आमच्या अंगावर धूळ साठली. जोडीदाराची बॅटरी तिथेच मेली. मी जेमतेम वाचलो. पण मी तक्रार करीत नाही. खाली टेबलावर वहीची पाने भरत होती, ते मला वरून दिसत होते.

मग एका सकाळी धम्मदीपने मला खाली काढले, पुसले, चार्ज केले आणि लॅपटॉपसोबत पिशवीत घातले. बसने आम्ही बाजारहत्नूरला पोचलो. धोंडीबा ओसरीवर दोरी वळत बसले होते. वय ऐंशीच्या घरात, पण पाठ ताठ. शेजारी त्यांची बायको राहीबाई वाळल्या मिरच्यांचे देठ खुडत होत्या. धम्मदीपने मला आजोबांच्या हातात दिले आणि लाल पेटवले. मग मंद हिरवा केला.

"आबा, रंग बदलला का?"

"नाई बा."

"मलेबी नाई दिसला बदललेला. आजी, तुले?"

राहीबाईंनी मान वर केली. "हिरवा झाला ना आता," त्या सहज म्हणाल्या.

आजोबांनी नातवाकडे पाहिले. धम्मदीपने त्यांना सावकाश समजावले. डोळ्यांची ही ठेवण जन्मापासून असते, आपल्या दोघांची सारखी आहे, यात चूक कोणाचीच नाही. धोंडीबा ऐकत राहिले. विशीत असताना त्यांची टोपली सगळ्या मजुरांसमोर उलटी केली होती. त्यानंतर त्यांनी विहिरी खोदल्या, गाड्या हाकल्या, पण मिरचीच्या वावराकडे फिरकले नाहीत. गावाने त्यांना बेध्यान, म्हणजे कामात लक्ष नसलेला, म्हटले. साठ वर्षे त्यांनी ते खरे मानले होते.

"म्हंजे मी बेध्यान नवतो," ते म्हणाले.

"मले मालूम होतं," राहीबाई म्हणाल्या. "लगनानंतर घरची भाजी तुमी आणली की मी गुपचूप निवडून ठेवत होती. तुमी ध्यान देऊनच आणत. तरी असं काऊन व्हते, तेवढं समजत नवतं."

धोंडीबांचे हात माझ्यावर घट्ट झाले. मला वाटले ते रडतील. त्यांनी विचारले ते वेगळेच. या गावात असे अजून किती असतील? म्हातारबा उठले, पायांत वहाणा घातल्या, मला धोतराच्या सोग्याने पुसले आणि शाळेकडे चालू लागले. धम्मदीप लॅपटॉप घेऊन त्यांच्या मागे.

शाळेच्या मोठ्या बाई, सपना मॅडम, वर्गात होत्या. धोंडीबा दारात थांबले. आपल्याला अक्षर येत नाही हे त्यांनी आधीच सांगून टाकले. मग टोपलीची हकिकत सांगितली, नातवाची सांगितली, आणि मला टेबलावर ठेवून म्हणाले, "बाई, पोरगं रंग चुकलं तर त्याले माराच्या आधी, तुले काय दिसते, ते इचारा."

मॅडमनी त्यांना खुर्ची दिली. डोळ्यांची तपासणी व्हावी म्हणून धम्मदीपने तिथेच आरोग्य खात्याला दरखास्त लिहिली. उत्तर आले नाही, तर दुसरी लिहिली. तिसऱ्या दरखास्तीनंतर डॉक्टर आले. त्या दिवशी पाच मुलांचे डोळे आमच्या धम्मदीपसारखे निघाले. मुले घाबरली होती. मग धम्मदीपने प्रत्येकाच्या हातात मला दिले आणि आपल्याला नीट दिसतो तो रंग स्वतःच शोधायला सांगितले. एकाने निळा लावला, एकाने पिवळा. एकाने तर असा जांभळट निळा लावला, की तसा मी आयुष्यात कधी पेटलो नव्हतो.

गेल्या आठवड्यात धम्मदीपने नव्या नोकरीचा अर्ज भरला. डोळ्यांत काही उणीव आहे का, असा त्यात एक रकाना होता. मोतीराम मागे उभे होते. धम्मदीपने तिथे ठळक अक्षरांत 'आहे' असे लिहिले, खाली रंगांची अडचण स्पष्ट नोंदवली, आणि शाई वाळेपर्यंत हात बाजूला धरला. मोतीरामांनी आपले पेन त्याला दिले आणि ते म्हणाले, खाली सही या पेनाने कर.

मित्रांनो, आमच्यासारख्या वस्तूंना जपा. खेळून झाल्यावर जमिनीवर टाकू नका. महिन्यातून एकदा तरी चार्ज करा, नाहीतर माझ्या जोडीदारासारखी आमची गत होते. आणि तुमचा एखादा सोबती हिरव्याला लाल म्हणाला, तर हसू नका. त्याच्या शेजारी बसा, आणि त्याला दिसते ते त्याच्या तोंडून ऐकून घ्या.