नरहरीचा दिवस

नरहरी पहाटे उठला, उंबऱ्याशी वहाणा काढल्या आणि अंगणात जाऊन दिवस झाला. दरवर्षी व्हायचा तसाच. त्याच्या बायकोने, कालिंदीने, वहाणा आत उचलून ठेवल्या, कारण मावळतीला परतला की तो आधी त्याच शोधणार आणि सापडल्या नाहीत तर घर डोक्यावर घेणार.

उंबरठाणात वर्ष दोनशे बारा दिवसांचं, कारण माणसं दोनशे बारा. ज्याची पाळी त्याने दिवस व्हायचं. तापट माणसाच्या दिवशी दूध नासायचं, विसरभोळ्याच्या दिवशी दुपार दोनदा व्हायची. कुणी जन्मलं की वर्षात एक दिवस वाढे. कुणी गेलं की त्याचा दिवस गळून पडे आणि त्याच्या अलीकडचा नि पलीकडचा दिवस एकमेकांना चिकटत. लग्न ठरलं की नवराबायकोचे दिवस शेजारी आणून बसवावे लागत, आणि त्यावरून मानपानाहून मोठी भांडणं होत.

नरहरीच्या पाठोपाठ कालिंदीचा दिवस येई. त्यामुळे चुकामूक ठरलेली. नरहरीला हाक मारून, ताट पुढ्यात ठेवून ती लगेच निजे, कारण पहाटे तिला निघायचं असे. दुसऱ्या दिवशी तो जागा होई तेव्हा ती आभाळभर पसरलेली असे. चाळीस वर्षांत त्याच्या दिवसाचं ताट ती दोघं कधी एकत्र जेवली नव्हती.

नरहरीचं ऊन एकसारखं, समजूतदार. गावातले सगळे पापड त्याच्याच दिवशी वाळत पडत. चारच्या सुमाराला तेवढा एक लहानसा ढग येई. तेव्हा त्याला काहीतरी आठवायचं. काय, ते त्याने कधी सांगितलं नाही.

यंदा थंडीपासून त्याला खोकला होता. वैद्यबुवांनी नाडी पाहिली आणि कालिंदीला बाजूला घेतलं. "दिवस होईल तो, तेवढं बळ आहे. पण परत आला की ती रात्र काही काढायचा नाही."

दिवस संपवायची रीत साधी होती. घरच्या माणसाने दारात उभं राहून म्हणायचं, "ताट वाढलंय." मग ऊन गोळा होऊन अंगणात माणूस उभा राही आणि पाय धुऊन आत येई. हाक घरच्याचीच लागे. शेजाऱ्याने घसा फोडला तरी ऊन जागचं हलत नसे.

कालिंदीने हाक मारली नाही.

मावळतीला सूर्य डोंगराच्या वर वीतभर येऊन थांबला आणि थांबूनच राहिला. शेजारची शेवंता कुंपणाशी आली. "अगं कालिंदे, हाक मार की! पापडांना हात लावला तर भुगा होतोय."

"मारते. भाजीला फोडणी राहिलीय."

मग तिथींचा फळा लिहिणारे आबाजी आले. "वहिनी, या एका दिवसात मी तीनदा झोपून उठलो. फळ्यावर लिहू काय?"

"नरहरीचा दिवस, असं लिहा."

"तेच तीनदा लिहिलंय."

"मग चुकलं कुठं?" कालिंदी म्हणाली. आबाजी डोकं खाजवत गेले.

ती ओसरीवर उन्हाकडे पाठ करून बसली. पाठ छान शेकत होती. आकाशात तो खोकत नव्हता, छाती धरून उठून बसत नव्हता. गाव पेंगुळलं होतं, गाई परतायचं विसरल्या होत्या, हे तिला दिसत होतं. पण तिला तो हवा होता. गावाने काय म्हणायचं ते म्हणावं, तिला तो हवा होता.

मग ऊन घरात आलं. आधी उंबऱ्यावर, तिथून चुलीपाशी, तिथून भाताच्या पातेल्यावर, आणि तिथेच बसून राहिलं. तिने पातेलं सरकवलं. ऊनही सरकलं.

"भूक लागली होय?" तिने विचारलं.

बाहेर वारा नव्हता, तरी अंगणातले सगळे पापड एकदम खडखडले. थांबले. पुन्हा खडखडले. हा खोकला ती ओळखत होती.

"बाई गं, तीन दिवस उपाशी ठेवलं मी यांना," ती म्हणाली आणि रडली. पदराने नाक पुसलं, चूल पेटवली. मऊ भात केला, वरण केलं, लसणाची चटणी वाटली. ताट आज तिने उंबऱ्यावरच मांडलं, म्हणजे त्याला आत यायचे कष्ट नकोत. मग दारात उभी राहिली आणि हाक मारायला तोंड उघडलं.

आवाज आला नाही.

तिने खाली पाहिलं. तिच्या तळहातातून पलीकडचं ताट दिसत होतं. तिचा दिवस तीन दिवस पाळीची वाट बघत थांबला होता, आता त्याच्याने थांबवेना. एवढा वेळ दिवस ताटकळत ठेवायची चूक उंबरठाणात आजवर कुणी केली नव्हती, त्यामुळे असं होतं हे कुणाला ठाऊकही नव्हतं. आणि दिवसाला आवाज नसतो.

"कालिंदे, तुझ्या बांगड्या!" शेवंता कुंपणापलीकडून ओरडली. बांगड्या एकेक करून उंबऱ्यावर पडत होत्या. एकही फुटली नाही.

पूर्वेकडून उजाडलं. कालिंदीचा उजेड जरा फिकट, दरवर्षीसारखाच. आता तिला सगळं एकदम दिसत होतं: छपरं, पापड, फळ्यासमोर हातात खडू घेऊन थबकलेले आबाजी. आणि अंगणाच्या त्या टोकाला, पश्चिमेकडे, तो, अजून ऊन होऊनच. चेहरा उतरला होता. पण डोळे तेच होते.

उंबऱ्यावर ताटाला वाफ येत होती. वरणाच्या वाटीला दोन सावल्या पडल्या होत्या. ताटाशी कुणी बसलेलं नव्हतं, तरी भाताचा ढीग हळूहळू उतरत होता, एकदा इकडून, एकदा तिकडून.

कालिंदीने चटणी त्याच्या बाजूला सरकवली.