पान एकशे सत्तेचाळीस

“म्हणजे सरांनी ती ओळ मुद्दाम काढली, काका. माझा सगळा प्रबंध त्यावरच उभा आहे,” असं म्हणून त्या मुलीने जाड बाड पुढे सरकवलं.

काकांनी चष्मा पुसला. चाळीस वर्षं त्यांनी छापखान्यात प्रुफं तपासली होती. तिथे सगळे त्यांना ‘भिंग’ म्हणत, कारण त्यांच्या नजरेतून स्वल्पविरामही सुटत नसे. एका जुन्या इंग्रजी शोकांतिकेची प्राध्यापकांनी टिपांसह केलेली आवृत्ती त्यांच्याच हाताखालून गेली होती. प्राध्यापक आता हयात नव्हते, म्हणून ही संशोधक मुलगी काकांना शोधत आली होती.

“कुठली ओळ?” त्यांनी विचारलं.

“शेवटच्या अंकात नवरा बायकोचा जीव घेतो. बाकीच्या आवृत्त्यांत ती मरता मरता आळ स्वतःवर घेते. सरांच्या आवृत्तीत ती काहीच बोलत नाही. त्याला माफ न करता जाते. संपादकाचं हे मूक बंड आहे, असं तिघा समीक्षकांनी लिहिलंय. सरांनी ते कधी नाकारलं नाही. मी पाच वर्षं यावर घालवलीत.”

“पान कितवं?”

“एकशे सत्तेचाळीस.”

काकांनी तिच्याकडचं पुस्तक घेऊन ते पान काढलं. दोनदा वाचलं. ओळ नव्हती.

“सरांच्या हस्तलिखितात होती,” ते म्हणाले. “छापखान्यात खिळे जुळवताना गळली असणार. आणि मी ती पकडली नाही.”

मुलगी हसली. मग त्यांचा चेहरा पाहून थांबली. “तुम्हाला एवढ्या वर्षांपूर्वीचं नक्की कसं आठवतंय?”

“दवाखान्याच्या बाकावर बसून वाचत होतो. ही आत होती. हस्तलिखितातल्या त्या ओळीवर बोट होतं, प्रुफाशी ताडून बघणार तेवढ्यात नर्स बाहेर आली. म्हणाली, बाळ गेलं.” त्यांनी पुस्तक मिटलं. “मग मी पुढची पानं वाचली. छापखाना खोळंबला होता. त्या दिवशीसुद्धा आपण काम चोख केलं, असं मी आजवर समजत होतो.”

चहा घेऊन आलेल्या काकू दारातच उभ्या राहिल्या होत्या.

मुलीने प्रबंध जवळ ओढला. “सोमवारी तोंडी परीक्षा आहे, काका. तुम्ही बोलला नाहीत, तर कुणाला कळणार आहे?”

तिने मान खाली घातली.

काकूंनी कप टेबलावर ठेवले. “अहो, एवढे काय हादरलात?”

“चूक झाली ना माझ्या हातून. आणि तीस वर्षं विद्वान मंडळी त्या चुकीची आरती ओवाळतायत.”

“त्या दिवशी तुमची चूक झाली नसती,” काकू शांतपणे म्हणाल्या, “तर मला तुमची भीती वाटली असती.”

काका त्यांच्याकडे बघतच राहिले. इतक्या वर्षांत त्या दिवसाबद्दल दोघांनी एक शब्दही काढला नव्हता.

मुलीने प्रबंधाचं चौथं प्रकरण उघडलं आणि पहिल्या पानावर पेन्सिलीने आडवी रेघ मारली. “हे सगळं बदलावं लागेल. मुदत मागून घेते. खाली तळटीपही द्यावी लागेल.” ती घुटमळली. “नुसतं ‘छापखान्याची चूक’ म्हणू?”

“छापखान्याने काय केलंय? माझं नाव घाल.”

तिने वही त्यांच्यापुढे केली. शेकडो पुस्तकं काकांच्या हाताखालून गेली होती, पण एकातही त्यांचं नाव नव्हतं. त्यांनी ते सावकाश, एकेक अक्षर सुटं करून, खिळे जुळवणाऱ्यालाही सहज वाचता यावं असं लिहून दिलं.