व्हिनेगरचा वास

कारखान्याच्या कँटीनमध्ये एकतीस वर्षं केचप उकळणाऱ्या माणसाला सगळे वस्ताद म्हणायचे, आणि वस्तादांनाही ते मनापासून पटलेलं होतं. दारातूनच वास घेऊन सांगायचे, "तळाला लागायला आलंय, आच कमी करा." कधी चुकले नाहीत. निवृत्त झाले, बायको गेली, लेकीकडे राहायला आले, तरी तोरा काही उतरला नाही. नाकावर माशी बसू द्यायचे नाहीत. आणि त्याच नाकाला गेल्या थंडीपासून कशाचाही वास येत नव्हता.

तापाचं निमित्त झालं. ताप गेला आणि जाताना वास घेऊन गेला. येईल आठवड्याभरात, येईल महिन्याभरात, असं म्हणता म्हणता अर्धं वर्ष उलटलं. ज्याच्या नाकाच्या भरवशावर दोनशे माणसं रोज जेवली, त्याने हे कुठल्या तोंडाने सांगायचं? मग वस्ताद अंदाजावर भागवू लागले. समोरच्याचा चेहरा बघायचा, ओट्यावर काय पडलंय ते बघायचं आणि ठोकून द्यायचं. "लसूण जरा जास्त परतलास," म्हटलं की लेक ओशाळायची. दहातले नऊ अंदाज बरोबर निघायचे.

दहावा चुकला तो मागच्या आठवड्यात. दूध करपून पातेलं काळंठिक्कर पडलं, आणि वस्ताद शेजारच्याच खुर्चीत पेपर वाचत बसलेले. लेक हॉस्पिटलात नर्स; ड्यूटीवरून आली ती थेट ओट्याकडे धावली.

"बाबा, खाली जिन्यात वास येतोय! तुम्ही इथेच बसला होतात ना?"

"डोळा लागला गं जरा."

तिने गॅस बंद केला, पातेलं मोरीत टाकलं, आणि मग शांतपणे म्हणाली, "तुमचं लक्ष राहत नसेल तर सांगा. शाळा सुटल्यावर हिला पाळणाघरात ठेवते. पुन्हा असं काही झालं तर विचारणार नाही, ठेवून मोकळी होईन."

ही म्हणजे नात, सात वर्षांची. शाळा सुटल्यापासून आई घरी येईपर्यंतचे तीन तास आजोबांचे. त्या तीन तासांसाठी वस्ताद सकाळपासून घड्याळाकडे बघत बसायचे. तेच गेले तर दिवसात उरणार काय, भिंती?

म्हणून तर त्यांनी केचपचा घाट घातला. आपला हात अजून जागेवर आहे हे लेकीला दाखवायचं होतं. पाच किलो लालबुंद टोमॅटो आणले, उकडले, चाळणीवर घासून साली-बिया काढल्या. लवंग, दालचिनी आणि मिरी फडक्यात बांधून ती पुरचुंडी रसात सोडली. साखर घातली, झाकण तिरकं ठेवलं, बारीक आच केली आणि खिडक्या गच्च लावून घेतल्या. कँटीनचा रिवाजच तो. साखर पडली की माशा येतात, आणि केचपमध्ये माशी म्हणजे वस्तादाची इज्जत गेली.

नात शाळेतून आली तशी तिलाही कामाला जुंपलं. बाहेरच्या खोलीत बसून तिने बाटल्यांसाठी चिठ्ठ्या लिहायच्या. शिवाय व्हिनेगरची सीलबंद बाटली तिच्या ताब्यात दिली.

"व्हिनेगर सगळ्यात शेवटी. आधी घातलं तर उकळून उडून जातं. मी हाक मारली की सील फोडायचं, त्याआधी नाही."

"आईने मागितलं तरी नाही?"

"आईच्या बापाने मागितलं तरच!"

ती खिदळली. बाटली मांडीत घेऊन चिठ्ठ्या लिहू लागली. वस्ताद शेजारी बसून कातरीने कागद कापून देत होते. नाक गेल्यापासून त्यांची सारी भिस्त कानांवर. स्वयंपाकघरातून रसाची बुडबुड येत होती तोवर ते निवांत होते. मग नातीने शाळेतली एक लांबलचक भांडणाची गोष्ट काढली. ती संपली तेव्हा घर अगदी गप्प झालं होतं. बुडबुड कधी थांबली, कोण जाणे.

आटलं वाटतं, असं म्हणत वस्ताद उठले. स्वयंपाकघरात शिरून त्यांनी थेंबभर रस बशीत टाकला. थेंबाभोवती पाण्याचं कडं पसरलं. म्हणजे आटलेलं नाही. मग थांबलं का? त्यांनी वाकून बघितलं. रस उतू जाऊन शेगडीवर लाल ओघळ सांडले होते आणि बर्नर विझला होता.

आत्ताच विझला असणार, त्यांनी ठरवून टाकलं. बराच वेळ झाला असता तर वास आला नसता का? वास नाही म्हणजे गॅस नाही. एकतीस वर्षं त्यांनी याच हिशोबावर शेगड्या पेटवल्या होत्या. त्यांनी लायटर उचलला.

"आजोबा, शी! कसला घाण वास येतोय!" नात दारात उभी होती, नाक चिमटीत धरून.

आणि वस्तादांच्या तोंडून, सहा महिन्यांच्या सवयीने, उत्तर आपसूक निघालं. "व्हिनेगरचा. असाच असतो तो."

"पण व्हिनेगर माझ्याकडे आहे," ती म्हणाली. "अजून फोडलंसुद्धा नाही."

तिने बाटली उंच करून दाखवली. सील जसंच्या तसं होतं.

वस्तादांचा अंगठा लायटरवर होता. बर्नरची कळ अजून चालूच होती. खिडक्या त्यांनी स्वतःच्या हाताने लावल्या होत्या.

"पंखा लावते, थांबा," नात म्हणाली आणि टाचा उंचावून भिंतीवरच्या बटणाकडे हात नेला.

"हात लावू नकोस!"

इतक्या मोठ्याने ते तिच्यावर कधीच ओरडले नव्हते. ती जागीच थिजली, बोट बटणापासून वीतभर अंतरावर. वस्तादांनी लायटर अलगद ओट्यावर ठेवला, कळ फिरवली, नातीला उचललं आणि सरळ जिन्यात नेऊन सोडलं. मग श्वास धरून परत आत गेले आणि एकेक खिडकी उघडली.

लेक चार वाजता आली. खिडक्या सताड उघड्या, गार झालेल्या रसावर माशा, आणि बाप खुर्चीत नातीला घट्ट धरून बसलेला. ती उंबऱ्यातच थबकली. वास थोडा रेंगाळला असणार, कारण तिच्या नाकपुड्या फुलल्या. वस्ताद तिचा चेहरा वाचत होते, सवयीने.

"कसला वास येतोय हा?"

त्यांनी तोंड उघडायच्या आत नात बोलली. "व्हिनेगरचा," हनुवटी वर करून, अगदी आजोबांच्या ठसक्यात. "असाच असतो तो."

आणि आजोबांकडे बघून हळूच हसली. त्यांना वाचवलं होतं ना तिने! लायटर हातात असतानाही वस्ताद इतके घाबरले नव्हते.

"नाही," ते म्हणाले. "गॅसचा आहे. बर्नर विझला होता आणि मला कळलं नाही. मला वास येत नाही, बाळा. गेल्या थंडीपासून कसलाच येत नाही."

लेकीने पुढे होऊन मुलीला त्यांच्या मांडीवरून उचलून घेतलं.

"सोमवारपासून ठेवतेस का तिला?" वस्तादांनी विचारलं.

"उद्यापासून," लेक म्हणाली.