अंगणातला खडक

जमिनीला भोक पाडायचं मशीन अंगणात नेमकं कुठे उभं करायचं, यावरून सकाळी सकाळी मिस्त्री आणि त्यांच्या बायकोचं वाजलं. सरकारी भूगर्भवाल्या बाईंनी आदल्या दिवशी कपडे धुवायच्या दगडाशेजारी खुंटी ठोकून ठेवली होती. बायकोचं म्हणणं, दोन हात पलीकडे सरकवा, माझी दोरी मध्ये येते. मिस्त्रींचं म्हणणं, खुंटी बाईंची आहे, ती सरकवणारा मी कोण. शेवटी दोरी सुटली, कपडे घरात गेले आणि मशीनची तिपाई उभी राहिली. पंप जोडणाऱ्या मेहुण्याने बहिणीची बाजू घेतली नाही की भावोजींचीही घेतली नाही. या दोघांच्यात टिकायचं तर गप्प बसावं, हे तो केव्हाच शिकला होता.

मिस्त्रींचा जन्म जमिनीला भोकं पाडण्यात गेला. पूल, बोगदा, पाण्याची टाकी, जिथे काही जड उभं करायचं तिथे आधी त्यांचं मशीन जातं आणि खाली काय आहे ते नळीतून वर काढून दाखवतं. लोकांना इमारत दिसते. मिस्त्रींना तिच्या खालचं आठवतं, आणि कुणाकडे जेवायला गेलं तरी ते बोलून दाखवल्याशिवाय त्यांना राहवत नाही. मशीनच्या दांड्यावर हात ठेवला की खाली माती आहे की खडक हे त्यांच्या तळहाताला कळतं, अशी त्यांची ख्याती होती. ती पसरवण्यात त्यांचा स्वतःचा वाटा बराच मोठा होता, हेही सांगायला हवं.

उतारावरची ही जागा त्यांनी अशीच तळहाताने निवडलेली. तेव्हा इथे नुसती झुडपं होती. मागे डोंगराचा कडा, खाली दरीत नदी. एका सुट्टीच्या दिवशी साहेबांना विचारून त्यांनी कंपनीचं मशीन आणलं आणि इथे भोक पाडलं. वरची तांबडी माती संपली, पंपाने आत सोडलेलं पाणी वर येताना करडं झालं, नळीतून टणक दगड निघाला. मिस्त्रींनी मशीन बंद केलं आणि बायकोला सांगितलं, खडक लागला, आता आपलं घर नातवंडांना पुरेल. ही बातमी ऐकून शेजारी शिंपी राहायला आला, मग त्याचा साडू, मग आणखी चार-पाच जण. सगळी ओळ मिस्त्रींच्या शब्दावर उभी राहिली. दुसरं भोक कुणी पाडलं नाही. मिस्त्रींनी पाडलंय ना, मग झालं तर.

यंदा घरांच्या वरच्या बाजूला रस्त्याच्या कडेने भेग पडली. आधी बोटभर होती, मग त्यात पाय जायला लागला. सरकारने बाईंना पाठवलं. वयाने लहान, पण बोलणं एक घाव दोन तुकडे. त्यांनी ओळीतल्या सगळ्यांना एकत्र बोलावून सांगितलं, की घरांखाली अखंड खडक असेल तर भेग वरवरची आहे, ती बुजवू. नसेल तर पावसाच्या आत घरं रिकामी करायची, आणि पुन्हा इथे राहायला यायचं नाही. शिंपी हसला. मग काही काळजीच नाही म्हणाला. भोक पाडायचं काम मिस्त्रींच्याच कंपनीकडे आलं, आणि ते माझ्याच अंगणात पाडा, असा हट्ट मिस्त्रींनी धरला. घर वाचवायचं ते आपल्याच हाताने, असं त्यांच्या मनात होतं.

मशीन सुरू झालं. भोकातून तांबडं पाणी वर येऊन धुण्याच्या दगडावरून गटाराकडे वाहायला लागलं. बायकोने सगळ्यांना चहा आणून दिला आणि ती बाईंजवळ टेकली. कालपासून तिच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती.

"एवढा मोठा डोंगर. तो जागचा हलतो म्हणजे काय, बाई?"

"उचलला जातोय तो," बाई म्हणाल्या. "दोन्हीकडून जमीन दाबली जाते, म्हणून ही बाजू वर येते. तुमचं लग्न झाल्यापासून दोन बोटं आला असेल वर."

"मग इतक्या काळात आभाळाला कसा नाही लागला?"

"वर येतो तसा पाऊस त्याला खाली नेतो. नदीचं पाणी गढूळ दिसतं ना, तो डोंगरच चाललेला असतो."

मग बाई रंगल्या. जमीन वर आली की नदी आणखी खोल कापत जाते, म्हणून दोन्ही काठ असे उभेच्या उभे राहतात. त्यात इथे बारा महिने ऊब आणि ओल. पाणी फटीफटीतून आत शिरतं आणि खडक आतल्या आत कुजतो, त्याची खोलवर माती होते. वरून डोंगर दणदणीत दिसतो, पण त्याच्या पोटात काय आहे ते सांगता येत नाही. त्या मातीत मधूनमधून न कुजलेले गोटे राहून जातात, काही तर घराएवढे.

आमच्या भावोजींचे गुडघे तसेच आहेत, वरून दणदणीत, असं मेहुणा पंपाजवळून म्हणाला. बायको पदरात तोंड लपवून हसली. मिस्त्री हसले नाहीत. त्यांचं लक्ष दांड्यावर होतं.

दुपारच्या आधी मशीनचा आवाज बदलला. पाणी करडं झालं. मिस्त्रींनी बाईंकडे बघितलंसुद्धा नाही, नुसती मान ताठ केली. नळी वर काढून त्यांनी दगडाचा दंडगोल लाकडी खोक्यात ठेवला. चकचकीत, कुठे चीर नाही. बाईंनी त्यावर पाणी ओतलं, भिंगातून पाहिलं आणि चांगला आहे म्हणाल्या. शिंपी गळ्यात टेप तसाच ठेवून कुंपणाशी आला होता. त्याने आत येऊन दगडावर थाप मारली आणि बातमी घेऊन परत गेला. मिस्त्रींचा हात मशीन बंद करायला गेला.

"अजून खाली जाऊ," बाई म्हणाल्या.

"बाई, खडक आहे हा."

"आहे. किती आहे ते बघू."

मिस्त्रींनी हात मागे घेतला. खडक लागला म्हणून तिथेच थांबायचं नाही, गोटा तर नाही ना याची खात्री होईपर्यंत पुढे जायचं, हा त्यांच्या धंद्यातला पहिला धडा. लवकर थांबणाऱ्या नव्या लोकांना त्यांनी स्वतः चारचौघांत फैलावर घेतलं होतं. आणि त्या सुट्टीच्या दिवशी मात्र, दगड लागल्यावर, ते थांबले होते. तेव्हाही हा धडा त्यांना पाठ होता. परक्याच्या जागेत ते थांबलेच नसते.

दांडा पुन्हा खाली गेला. करडं पाणी वाहत राहिलं, आणि प्रत्येक नळीगणिक मिस्त्रींचा चेहरा थोडा सैल होत गेला. आणखी एक नळी, मग आपण जिंकलो. खडकच ना, असं मेहुण्याने डोळ्यानेच विचारलं, त्यांनी डोळ्यानेच हो म्हटलं. आणि त्यानंतर दांडा एकदम त्यांच्या हातातून खाली निसटला, पायरी चुकल्यावर माणसाचा पाय जातो तसा.

तळहाताला कळायचं ते कळलं. तरी त्यांनी मशीन बंद केलं नाही. ते बंद केलं असतं तर आवाज थांबला असता आणि काहीतरी बोलावं लागलं असतं. बायको धुण्याच्या दगडापाशी उभी होती. तिच्यासमोर करडं पाणी आधी गुलाबी झालं आणि बघता बघता लाल. मिस्त्रीच्या बायकोला त्याचा अर्थ समजावून सांगायची गरज नव्हती. ती तशीच उभी राहून वाहणाऱ्या पाण्याकडे बघत राहिली.

बाईंनी संध्याकाळपर्यंत मशीन चालू ठेवायला लावलं. खाली मातीच होती, मऊ, अंगठा रुतेल अशी. एका ठिकाणी तर नळी पाण्यानेच भरून आली. मिस्त्री प्रत्येक तुकडा खोक्यात ओळीने लावत गेले, खालचा खाली, वरचा वर. एवढ्या वर्षांत त्यांना कामाची लाज कधी वाटली नव्हती. आज ती वाटली, आणि कान गरम होईपर्यंत वाटली.

मशीन थांबल्यावर बाई म्हणाल्या, शेजाऱ्यांना मी सांगते, तुम्ही राहू द्या. त्यांनी मनापासून म्हटलं होतं.

"माझ्या शब्दावर बांधलीत त्यांनी," मिस्त्री म्हणाले. "मीच सांगतो."

हात न धुताच ते शिंप्याकडे गेले. तो दारात काजं करत बसला होता. मिस्त्रींनी एका दमात सांगून टाकलं, की खाली खडक नाही, एक मोठा गोटा आहे, त्याखाली माती, आणि ओळीतल्या सगळ्यांना जावं लागणार.

शिंप्याने सुई कापडात खोचली. "तुम्ही तर तेव्हा भोक पाडलं होतं ना?"

"पाडलं होतं. गोट्यावर थांबलो."

आत त्याची बायको कुणाशी तरी हसत बोलत होती, दुपारची बातमी अजून घरात ताजी होती. "हिला काय सांगू आता?" त्याने विचारलं.

"माझं नाव सांगा," मिस्त्री म्हणाले, आणि पुढच्या घराकडे वळले.

सगळी घरं करून ते परत आले तेव्हा बाई गेल्या होत्या. बायको पायरीवर बसली होती. ते तिच्या शेजारी बसले नाहीत, समोर उभे राहिले.

"त्या दिवशी मीच घाई केली," ती म्हणाली. "दिवस मावळतोय, चला आता, असं मीच म्हटलं होतं."

"मशीन माझ्या हातात होतं."

ती उठून आत गेली. भांडी फळीवरून खाली काढल्याचा आवाज आला. शेवटच्या दिवशी वस्तू शोधत बसण्यापेक्षा आजच सुरुवात केलेली बरी, असं ती भावाला सांगत होती.

काम संपलं की भोक उघडं ठेवत नाहीत, त्यातून पाणी आत शिरतं. मिस्त्रींनी सिमेंट कालवलं आणि तळापासून भरत आणलं. वरचा थर आला तेव्हा अंधारायला लागलं होतं. ते गुडघ्यावर बसले, थापीने कडा दाबून घेतल्या, अंगणाची पातळी डोळ्याने पाहिली, एका बाजूला किंचित उंच वाटलं ते खरवडून काढलं आणि ओल्या हाताने पुन्हा गुळगुळीत केलं. कुणाचा पाय अडखळू नये इतकं ते सपाट झालं.

मेहुणा डोक्यावर पहिली पेटी घेऊन दारातून बाहेर पडला आणि सरळ बाहेर उभ्या टेम्पोकडे निघाला. मागून येणाऱ्या बायकोच्या दोन्ही हातांत बोचकी होती.

"तिथून नको," ती भावाला म्हणाली. "कडेने जा. ओलं आहे ते अजून."