एकसष्ट तासांचा खेळ

तोताराम नाना रेल्वेत गार्ड होते. नोकरीची बहुतेक वर्षं पाचोऱ्याला गेली. निवृत्त झाल्यावर त्यांनी जळगावात पिंप्राळ्याला तीन खोल्यांचं घर बांधलं, आणि बायको गेल्यावर त्या घरात दोघंच उरली, नाना आणि त्यांची थोरली मुलगी कुंदा. कुंदा एक्केचाळीस वर्षांची, सकाळच्या शाळेत शिक्षिका. आईच्या दुखण्यात सात वर्षं गेली आणि त्यात तिचं लग्न राहून गेलं. धाकटी कोकिळा धुळ्याला देवपुरात दिलेली होती. तिचा नवरा हिलालराव मस्कतला असायचा.

शहाण्णव सालच्या दिवाळीनंतर नाना ओट्यावरून पडले. मांडीचं हाड मोडलं, आत पट्टी बसवावी लागली, आणि घराबाहेर पडणं बंद झालं. उभा जन्म धावत्या गाडीत काढलेला माणूस पलंगावर बसून भिंतीकडे बघू लागला. चहा गार आहे, उशी उंच आहे, पंख्याचा आवाज होतो, अशी दिवसभर कुरकुर. ती ऐकायला कुंदाच. अंघोळीचं पाणी, गोळ्या, पायाला तेल, मग शाळा, मग भाकरी. कुंदाला त्याचं काही वाटत नव्हतं. करायचंच होतं ते.

संक्रांतीला कोकिळा आली ती एक करड्या रंगाची डबी घेऊन. हिलालरावांनी मस्कतहून आणलेला, हातात मावणारा व्हिडिओ गेम होता तो. चार सेल घालायचे, वर छोटा पडदा, खाली चार बटणं.

“नाना, पोरांना परीक्षेपर्यंत द्यायचा नाहीये. तुम्हीच खेळा,” कोकिळा म्हणाली.

“मी काय लहान आहे का?” नाना म्हणाले, पण हात पुढे केला.

खेळात एक मुलगी होती. तिचा भाऊ हरवलेला, आणि त्याला शोधत ती गावोगाव फिरते. वाटेत नद्या, गुहा, बंद दरवाजे. माणसं भेटतात, इंग्रजीत काहीबाही सांगतात, त्यातून पुढची वाट काढायची. धर्मशाळेत मुक्काम केला की तिथवरचा प्रवास डायरीत नोंदला जायचा, म्हणजे डबी बंद केली तरी दुसऱ्या दिवशी तिथूनच पुढे. सुरुवातीला त्या मुलीला नाव द्यायचं असायचं. इंग्रजी चारच अक्षरं मावत होती. नानांनी लिहिलं ‘कोकी’.

कोकिळा चार दिवसांनी परत गेली. नानांची कुरकुर थांबली. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर ते पट्टीने नकाशे काढू लागले. इथे पूल, इथे विहीर, इथून वळण, अगदी रुळांचे आराखडे काढावेत तसे. एकदा त्यांनी स्वयंपाकघराकडे तोंड करून विचारलं, “कुंदे, ‘लँटर्न’ म्हंजे कंदीलच ना? मग हा म्हातारा तो विहिरीत का टाकायला सांगतोय? ये बरं, बघ.”

कुंदाचे हात पिठात होते, वह्या तपासायच्या होत्या. “नाना, मला वेळ नाही हो त्याला,” ती म्हणाली.

त्यांनी पुन्हा विचारलं नाही. ते कोकिळाला विचारू लागले.

दर रविवारी सकाळी धुळ्याहून फोन यायचा. आठ वाजल्यापासून नाना केस विंचरून फोनशेजारच्या खुर्चीत बसलेले. फोन आला की आवाज वीस वर्षांनी तरुण व्हायचा. “अगं, कंदील टाकला! पाणी आटलं आणि खाली जिना निघाला. हो, हो, तू म्हणाली होतीस तसंच.” मग मोठ्याने हसणं. कुंदा शेजारच्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत ते हसणं ऐकायची. आईच्या मागे या घरात नाना असे हसले नव्हते. निदान तिच्यापाशी तरी नाही.

महिन्यातून एकदा कोकिळा एसटीने यायची. दोघं पलंगावर डोक्याला डोकं लावून बसायची. “नाना, डावीकडे! अहो डावीकडे!” कुंदा दोघांना जेवायला वाढायची, दोघांची ताटं उचलायची. नाना जेवतानाही कोकिळाशीच बोलत. एकदा कुंदाने सांगितलं की तिच्या वर्गातली एक मुलगी स्कॉलरशिपला जिल्ह्यात पहिली आली. “वा,” नाना म्हणाले आणि कोकिळाकडे वळले, “तर त्या गुहेत तीन वाटा आहेत बघ.”

त्या दुपारी भांडी घासताना कुंदाने आपल्या नावाची इंग्रजी अक्षरं मोजली. पाच. एक गाळलं असतं तर मावलं असतं. एवढीशी गोष्ट, पण ती काही केल्या मनातून जाईना. कोकिळा चार दिवस येते आणि हसू घेऊन जाते. माझ्या वाट्याला गोळ्या आणि तेल.

मार्चमधली दुपार होती. शाळेतून आल्यावर कुंदाने नानांना जेवायला वाढलं. ते जेवून झोपले. डबी उशीशेजारी पडली होती. कुंदाने ती उचलली आणि स्वयंपाकघरात नेली. आधी तिला फक्त बघायचं होतं, एवढं काय आहे त्यात. बटण दाबलं. पडद्यावर तीन डायऱ्या आल्या. खालच्या दोन रिकाम्या होत्या. पहिलीवर लिहिलं होतं, ‘कोकी’, आणि पुढे एकसष्ट तास.

एकसष्ट तास. कुंदा त्या आकड्याकडे बघत राहिली. माझ्याशी किती तास बोलले असतील नाना या दोन महिन्यांत?

खाली दोन शब्द होते. एक पुढे चालू ठेवण्याचा, दुसरा पुसण्याचा. तिने दुसरा निवडला. खेळाने विचारलं, खरंच पुसायचं? बाण ‘नाही’वर उभा होता. तो ‘हो’वर न्यायला एक बटण दाबावं लागणार होतं आणि मग आणखी एक. चुकून होण्यासारखं ते नव्हतंच. कुंदाने दोन्ही दाबली. पडदा एकदा पांढरा झाला, आणि तिन्ही डायऱ्या रिकाम्या दिसू लागल्या.

तिने डबी होती तिथे नेऊन ठेवली आणि ज्वारी निवडायला बसली. आत कुठेतरी गार वाटत होतं, हे खरं.

चारला नाना उठले. चहा झाला. मग बराच वेळ आतून काहीच आवाज आला नाही. कुंदा दारात गेली. नाना डबी बंद करत होते, चालू करत होते, पुन्हा बंद करत होते.

“बठ्ठं गयं, कुंदे,” ते म्हणाले. सगळं गेलं. असं अहिराणी ते फार घाबरले की बोलायचे.

“सेल संपले असतील.”

“सेलवर नाही राहत ते. कोकिळाने सांगितलंय.” त्यांनी आपल्या बोटांकडे पाहिलं. “माझ्याच हातून पुसलं गेलं. झोपायच्या आधी काहीतरी दाबलं असेल मी. पण मला आठवत का नाही?”

कुंदा चहाचे कप उचलून आत गेली. तेव्हा खरं बोलली असती तर गोष्ट तिथेच मिटली असती.

नानांचे थोरले भाऊ, उखर्डू आबा, सत्तरीत भ्रमिष्ट झाले होते. शेवटी शेवटी ते पोटच्या मुलांनाही ओळखत नव्हते. नानांच्या डोक्यात तेच बसलं. “भाऊचं असंच सुरू झालं होतं,” ते म्हणाले. “आधी किल्ल्या हरवायचा.”

त्यांनी डबी कपाटात ठेवली आणि नकाशांची गुंडाळी करून पलंगाखाली सरकवली. दुसऱ्या दिवसापासून ते प्रत्येक गोष्ट कुंदाला विचारू लागले. गोळी घेतली का मी? आज वार कोणता? दाराला कडी घातली होती ना? ती शाळेत निघाली की, “लवकर ये हं, कुंदे.” आली की चेहरा खुलायचा. रविवारच्या फोनवर ते दोन वाक्यं बोलून म्हणायचे, “थांब, कुंदाशी बोल. मला काही लक्षात राहत नाही.”

आणि कुंदाला ते आवडलं. हे तिने पुढे कुणालाच सांगितलं नाही, पण आवडलं. घरात दिवसभर तिच्या नावाची हाक होती. संध्याकाळी ती नानांपाशी बसायची, त्यांचा हात हातात घ्यायची, “मी आहे ना,” म्हणायची. तीन आठवडे ती सुखात होती, आणि त्याच तीन आठवड्यांत नाना वाळत गेले. वर्तमानपत्र चाळायचे आणि खाली ठेवायचे, म्हणायचे, वाचलेलं राहत नाही. शेजारचे पुना आप्पा भेटायला आले, तर नाव चुकेल या भीतीने नाना त्यांना नावाने हाकच मारेनात.

एप्रिल लागला तशी कोकिळा आली. नानांना बघून तिने कुंदाला मागच्या दारी नेलं.

“अक्का, हे काय झालंय यांचं? मी त्यांना धुळ्याला घेऊन जाते. तिथे चांगले डॉक्टर आहेत मेंदूचे. आणि मग माझ्याकडेच राहू देत. तू एकटी शाळा करशील की त्यांना बघशील?”

“इथे काय कमी आहे त्यांना?” कुंदा ताडकन म्हणाली.

“कमी आहे असं कोण म्हणतंय? पण मी दिवसभर घरी असते.”

 मी येते बरोबर, एवढंच कुंदा म्हणाली.

पारोळ्यावरून एसटी धुळ्याला पोचेपर्यंत नाना खिडकीबाहेर बघत होते. एकदा त्यांनी विचारलं, “मला तिथेच ठेवणार का ग?” कुंदाने पदराने त्यांच्या कपाळाचा घाम पुसला.

डॉक्टर तरुण आणि शांत होते. त्यांनी महिना विचारला, साल विचारलं. नानांनी सांगितलं, पण प्रत्येक वेळी आधी कुंदाकडे बघून. कागदावर नोकरी पाहून डॉक्टर हसत म्हणाले, “गार्ड होतात ना? मग पाचोऱ्याहून जळगावला जाताना स्टेशनं कोणती लागतात, ते सांगा बघू.”

नाना सावरून बसले. “पाचोरा. परधाडे. माहेजी.” मग थांबले. ओठ हलले. “माहेजी, आणि…”  हजारो वेळा जिथे हिरवा बावटा दाखवला होता, ती स्टेशनं त्यांना सापडेनात. त्यांनी मान वळवली. “कुंदे, सांग ना. तुला माहीत आहे.”

कुंदाला माहीत होतं. लहानपणी त्यांच्याच तोंडून पाठ केली होती तिने. म्हसावद, शिरसोली, जळगाव. पण तिच्या तोंडून भलतंच बाहेर पडलं.

“नाना, ते मी पुसलं.”

“काय पुसलं?”

“खेळातलं. डायरी. तुमच्या हातून नाही गेलं. तुम्ही झोपला होतात तेव्हा मी पुसलं, मुद्दाम. तुम्हाला काहीसुद्धा झालेलं नाही, नाना.”

कोकिळाचा हात तोंडावर गेला. डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. नानांच्या चेहऱ्यावर मग जे आलं ते कुंदाला अपेक्षित नव्हतं. ते हसले.

“म्हंजे मी नाही?” ते म्हणाले. “मी नाही पुसलं?”

“नाही.”

“म्हसावद, शिरसोली, जळगाव,” नाना घडाघडा बोलले आणि रडायला लागले.

नानांचा राग मागाहून आला.  कोकिळा मात्र रिक्षातच सुरू झाली. “महिनाभर बघत होतीस तू? त्यांना भ्रम झालाय असं वाटत असताना? अक्का, एवढं काय केलं होतं आम्ही तुझं?”

देवपुरातल्या घरात शिरल्यावर नानांनी कोकिळाला पाणी आणायला आत पाठवलं. “पुसलंस त्याचं दुःख नाही,” ते कुंदाला म्हणाले. “रागाच्या भरात माणूस करतो. पण मी रोज तुला विचारत होतो, आज वार कोणता. आणि तू मला वार सांगत होतीस.”

“मला वाटायचं, तुम्ही कोकिळाचेच आहात,” कुंदा म्हणाली. तिचा आवाज फाटला. “तिच्याशी हसायचात. माझ्याशी फक्त गोळ्यांचं बोलायचात.”

“तुला बोलावलं होतं मी. तुला वेळ नव्हता.”

“एकदा बोलावलंत, नाना. एकदाच.”

  नाना म्हणाले, “खरंय. पण आत्ता मी इथेच राहतो. तुझ्या हातचं खायला मला थोडा वेळ लागेल.”

कुंदा एकटी परतली. रिकाम्या घरात तिने चहा केला आणि तो घेऊन पहिल्यांदाच नानांच्या पलंगावर बसली; चहा हातातच गार झाला. पुढच्या रविवारी ती सकाळच्या गाडीने धुळ्याला गेली. जावं की नाही, हे बसमध्ये चढेपर्यंत ठरत नव्हतं. नाना फाटकाशी काठी टेकवून उभे होते.  दुसऱ्या रविवारी त्यांनी शाळेचं विचारलं. तिसऱ्या रविवारी कुंदाने सांगितलं की परीक्षेत एका पोराने गांधीजींचा जन्म भुसावळला घातला, तेव्हा नाना पोट धरून हसले.

“नाना, आधी गोळी घ्या. दोनदा सांगितलं,” कोकिळा स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाली. तिचे हात पिठात होते, केस विस्कटलेले.

“घेतो ग. थांब जरा,” नाना तिच्याकडे न बघता म्हणाले. “हं, कुंदे, मग त्या पोराला तू काय म्हणालीस?”

कुंदाने कोकिळाकडे पाहिलं. ती तशीच दारात उभी होती, दोघांकडे बघत, ओठ घट्ट मिटून. तो चेहरा कुंदाला चांगला ओळखीचा होता.

कुंदा उठली, आत गेली आणि परातीपुढे बसली. “कोके, तू जा, बस त्यांच्यापाशी. भाकरी मी टाकते.”

“राहू दे. तू पाहुणी आहेस,” कोकिळा म्हणाली. बोलण्याला धार होती.

“जा म्हटलं ना.”

 कोकिळाने हात धुतले, गोळी आणि पाण्याचा पेला घेतला आणि बाहेर गेली. कुंदाने पीठ मळायला घेतलं. बाहेरून नानांचा आवाज आला, “बस, बस. तुझी बहीण काय सांगतेय ऐक,” आणि ते तीच गोष्ट पहिल्यापासून सांगू लागले, निम्मी चुकीची, गांधीजींना थेट पाचोऱ्यात जन्माला घालून.

“भुसावळ नाही का, नाना?” कोकिळा विचारत होती.

“भुसावळच,” कुंदा आतून ओरडली, आणि पहिली भाकरी तव्यावर टाकली.