दार उघडणारी

शुक्रवार, मांस न खाण्याचा दिवस, म्हणून सोलांजने एका शेगडीवर मासळी ठेवली होती आणि दुसरीवर खळ. पांढऱ्या एप्रनला खळ देण्याचं काम ती कुणावर सोपवत नसे. छोट्या भूमिकेच्या नटांनी कपडे घरूनच आणायचे, हा पॅरिसच्या स्टुडिओंचा रिवाज. त्यामुळे काळा झगा आणि तो एप्रन सतरा वर्षं तिच्याच कपाटात होते. बेचाळीस चित्रपट, बेचाळीस मोलकरणी. दार उघडायचं, पाहुण्याची टोपी घ्यायची, "बाईसाहेब, जेवण वाढलंय" म्हणायचं आणि मागच्या मागे नाहीसं व्हायचं.

खरं तर या वेळी एप्रन लागणारच नव्हता. खळ दिली ती सवयीने. दिग्दर्शकाने तिला आईची भूमिका देऊ केली होती. मुलासाठी न्यायालयात उभी राहणारी धोबीण, सहा मिनिटांचं भाषण, सहा आठवडे दूर दक्षिणेत नीसला चित्रीकरण. रोज पहाटेच्या प्रार्थनेहून परतताना सोलांज ते भाषण पुटपुटत यायची. देवाचं नाव घ्यावं तितक्या हळू.

अडलं होतं एका छापील कागदाशी. "पत्नीच्या कामास माझी हरकत नाही." नवऱ्याला हरकत घ्यायचा हक्क तेव्हाच्या फ्रेंच कायद्यानेच दिलेला, म्हणून त्याची सही आल्याशिवाय निर्माते करार करत नसत. दोन-दोन दिवसांच्या मोलकरणींसाठी तिच्या नवऱ्याने, अरिस्तीदने, बेचाळीस वेळा न वाचता सही केली होती. हा त्रेचाळिसावा कागद नऊ दिवस त्याच्या दौतीखाली पडून होता.

"अहो, कागद पाहिलात का?"

"बघतो म्हटलं ना गं. घाई काय आहे?"

"सोमवारी शेवटचा दिवस आहे."

"सहा आठवडे! आणि दार उघडणारीला कोण ओळखतं? कोर्टात रडणारीला आमची सगळी कचेरी ओळखेल." त्याने मासळीचा काटा बाजूला काढला. "मी नाही कुठे म्हणतोय? बघतो."

तिला वाटलं, याने एकदा ओरडून नाही म्हणावं. निदान भांडता तरी येईल.

सोमवारी ती तशीच स्टुडिओच्या व्यवस्थापकाकडे गेली. पेल्ताँ तिला सतरा वर्षं ओळखत होते.

"मी सही करते ना. माझ्या हाताने," ती म्हणाली.

"तुमच्या सहीचं मी काय करू, बाई? उद्या मिस्टरांनी हरकत घेतली, तर अख्खं चित्रीकरण बसेल." मग ते मायेने म्हणाले, "त्याच चित्रपटात एक मोलकरीण आहे. दोन दिवसांचं काम. त्याला मिस्टर कधी आडवे येत नाहीत." ते टोमणा मारत नव्हते, हे तिला जास्त लागलं.

गुरुवारी भूमिका दुसरीला गेली.

रविवारी जेवायला एतिएन आणि त्याची आई आली. टेलिफोन खात्यात नोकरी करणाऱ्या क्लेमाँसचं, सोलांजच्या मुलीचं, त्याच्याशी सप्टेंबरात लग्न होतं. सोलांज सुपाचं भांडं घेऊन दारात आली तसा अरिस्तीद हसला. "अगं, ते तुझं वाक्य म्हण की! एतिएन, आमच्याकडे रोज सिनेमा असतो. फुकट!"

प्रत्येक पाहुण्यापुढे तो हेच करायला लावत असे, आणि तीही करत असे.

आज तिने भांडं टेबलावर ठेवलं आणि सरळ उभी राहिली.

"न्यायाधीश महाराज, या पोराला पोटात वाढवलं तेव्हा कुणाची परवानगी आण म्हणून मला कुणी सांगितलं नाही. त्याच्या तापात उशाशी बसले, तेव्हाही नाही. आज त्याच्यासाठी दोन शब्द बोलायला उभी राहिले, तर विचारता, हिला कुणी बोलायला सांगितलं?"

आवाज चढला नाही. सहा मिनिटं कुणी चमचा उचलला नाही. सुपावर साय धरली.

एतिएनच्या आईने डोळे टिपले. "कुठल्या सिनेमातलं हो हे? मी नक्की बघणार."

"बघा. पण त्यात मी नाही."

"का बरं?"

"कागद त्या दौतीखाली आहे."

क्लेमाँसने उठून कागद काढला. सहीची ओळ कोरी होती. "बाबा?"

"सूप निवतंय," अरिस्तीद म्हणाला.

ती एतिएनकडे वळली. "उद्या माझ्या नोकरीचा असा कागद आला तर?"

"अगं, मी कशाला नाही म्हणेन?"

"ते नाही विचारलं. तुला विचारावं लागेल का, ते विचारतेय."

उत्तर देण्याआधी एतिएनने अरिस्तीदकडे पाहिलं. क्लेमाँसला ते दिसलं. त्याच्या आईलाही.

अरिस्तीद वाईट माणूस नव्हता. पीत नव्हता, हात उगारत नव्हता. त्याने नुसतं काहीच केलं नाही, आणि कायद्याने एवढं पुरत होतं. असे भले पुरुष किती घरांत जेवायला बसतात, ते ज्याने त्याने आपल्या घरात पाहावं.

सोमवारी पहाटे सोलांजने चर्चमध्ये नेहमीसारखी मेणबत्ती लावली. घरी येऊन एप्रनची चार फडकी केली. मग नटसंघाला पत्र लिहिलं: ही सहीची अट उठेपर्यंत मी एकही दार उघडणार नाही, संघाने हा प्रश्न सरकारपुढे न्यावा. खाली तिने स्वतःची सही केली. तिच्याखाली क्लेमाँसने केली.

पत्र मात्र लगेच टाकलं नाही. तिसऱ्या सहीला जागा सोडली होती. एतिएनच्या आईने मंगळवारी येते म्हणून निरोप धाडला होता.